कृमि कीं शंख?

बुलढाणा जिल्ह्यांत राहणाऱ्या मनुष्यानें समुद्रांतील शंखांविषयीं लिहावें, हें वाचकांस कदाचित् चमत्कारिक वाटेल. आमच्या जिल्ह्याचे घाटावरचा आणि घाटाखालचा असे दोन भाग आहेत. घाटावर काळा खडक आहे, घाटाखालीं पूर्णेच्या खोऱ्यांतील काळी माती आहे. समुद्र मात्र दोहोंपैकीं कोठेंच नाहीं. घाटाखालच्या खारपाणपट्ट्यांतील विहिरीचें पाणी तोंडांत घेतलें म्हणजे समुद्राची आठवण होते, आणि लोणारच्या नांवांतच लवण आहे. परंतु समुद्राशीं आमचा ऋणानुबंध एवढाच. आमच्या वर्गांत बसणाऱ्या बऱ्याच मुलांनीं समुद्र पाहिलेला नसतो. त्यांना आम्ही गेलीं सव्वीस वर्षें प्राणिशास्त्र शिकवीत आहों, आणि त्यांच्यापुरता समुद्र म्हणजे आमच्या प्रयोगशाळेंतील एक कांचेचें कपाट होय.

त्या कपाटाच्या दुसऱ्या फळीवर कालवाचा एक शिंपला आहे. तो तळहाताएवढा असून त्याच्या पाठीवर पांच-सहा पांढऱ्या नळ्या एकमेकींत गुंतून चिकटलेल्या आहेत. कागदावर सांडलेल्या शाईचे ओघळ जसे वाटेल तसे वळत जावे, तशा त्या वळत गेल्या आहेत. शिंपल्याखालीं आमच्या हस्ताक्षरांत एक चिठ्ठी आहे : 'कृमिशंख, मृदुकाय संघ, उदरपाद वर्ग.' हा लेख त्या नळ्यांविषयीं आहे, आणि त्याहूनहि अधिक त्या चिठ्ठीविषयीं आहे.

तो शिंपला आम्हीं मालवणच्या किनाऱ्यावर उचलला. नोकरीच्या दुसऱ्याच वर्षीं विद्यार्थ्यांची सहल घेऊन आम्ही तेथें गेलों होतों. ओहोटीची वेळ होती. समोर सिंधुदुर्गाचा तट दिसत होता, आणि ज्यांनीं धरणापेक्षां मोठें पाणी कधीं पाहिलें नव्हतें अशीं आमचीं मुलें खडकाखडकांवरून उड्या मारीत होतीं. जवळच एक म्हातारी कालवें काढीत बसली होती. आमच्या हातांतील शिंपला पाहून ती म्हणाली, "तां किड्याचां घर आसा." आम्ही हंसलों, आणि मुलांकडे वळून म्हणालों, "पाहा, हीच चूक मोठमोठ्या शास्त्रज्ञांनीं केली आहे! दिसायला हें किड्याचें घर. पण आंत राहते ती गोगलगाय!" म्हातारीनें आमच्याकडे एकदां पाहिलें, आणि ती पुन्हां आपल्या कामाला लागली.

आमचें हंसणें अगदींच निराधार होतें असें नाहीं. शंख म्हटला कीं त्याला पीळ असावयाचाच, अशी आपली समजूत असते. आणि शेतांतल्या गोगलगाईपासून देवघरांतल्या शंखापर्यंत तिला सहसा धक्का बसत नाहीं. परंतु समुद्रांत अशा कांहीं गोगलगाई आहेत कीं, त्यांनीं पिळाचा मार्ग मध्येंच सोडून दिला आहे. इंग्रजींत त्यांना किड्यासारखी गोगलगाय अशा अर्थाचें नांव आहे. आम्ही आपल्या सोयीसाठीं 'कृमिशंख' म्हणतों. अंड्यांतून बाहेर पडतांना कृमिशंखाचें पिलूं इतर गोगलगाईंच्या पिलांसारखेंच असतें. त्याच्या पाठीवर चिमुकला, नीटस पिळाचा शंख असतो. तें थोडा काळ पोहतें किंवा सरपटतें. मग एखादा खडक, प्रवाळ वा दुसऱ्या प्राण्याचा शिंपला पाहून त्याला स्वतःस कायमचें चिकटवून घेतें. तेथें त्याचें चालणें संपतें. ज्याला चालावयाचेंच नाहीं त्याला पाठीवर तोलतां येईल असा आटोपशीर शंख कशाला हवा? त्याला हवें असतें तें पाण्याच्या प्रवाहाकडे उघडणारें तोंड. म्हणून त्यापुढें त्याचा शंख पीळ विसरून नळीप्रमाणें, वाट मिळेल तसा वाढूं लागतो.

बैठ्या प्राण्याला पोट भरावयाचें तर अन्न घरीं आलें पाहिजे. कृमिशंख आपल्या पायाजवळील ग्रंथींतून चिकट धागे पाण्यांत सोडतो. त्यांचें जाळें होतें, त्यांत सूक्ष्म जीव व कण अडकतात, आणि मग तो जाळ्यासकट सारें गिळून टाकतो. दाटीनें राहणाऱ्या कांहीं जातींत शेजाऱ्याशेजाऱ्यांचीं जाळीं मिसळून एकच चादर पसरते, आणि त्या सामाईक पंक्तींतून ज्याला जेवढें ओढतां येईल तेवढें तो ओढतो. संसाराचीहि तीच तऱ्हा. नर मादीकडे जाऊं शकत नाहीं. तो आपलें बीज पुड्या बांधावें तसें पाण्यांत सोडतो, आणि मादी त्या पुड्या जाळ्यांत पकडते. अंडीं ती आपल्याच नळींत संभाळते. भूमध्य समुद्राच्या कांठीं अशा नळ्यांचे थरावर थर चढून पाण्याच्या रेषेलगत कट्टेच्या कट्टे बनले आहेत. हे प्राणी त्या अरुंद पट्ट्यांतच वाढतात. यामुळें जुन्या, मृत कट्ट्यांची उंची मोजून पूर्वीं समुद्राची पातळी कोठें होती, हें शास्त्रज्ञ सांगूं शकतात.

आतां दुसरा प्राणी पाहा. समुद्रांत खरे नळीकृमीहि पुष्कळ आहेत. ते वलयी संघांतले, म्हणजे गांडुळाच्या दूरच्या नात्यांतले. तेहि चुन्याची पांढरी नळी बांधतात, तीहि वेडीवांकडी असते, आणि तीहि खडकांना, शिंपल्यांना व जहाजांच्या बुडाला चिकटते. प्राणी जिवंत असला तर फसण्याचें कारण नाहीं. कृमीचें अंग वलयांवलयांचें असतें आणि त्याच्या डोक्यावर पिसांचा तुरा असतो, तर कृमिशंखाला गोगलगाईचें डोकें, शिंगें आणि पाय असतो. परंतु प्राणी मेला व रिकामी नळी तेवढी हातीं आली, कीं पंडितांचीहि पंचाईत होते.

तशी ती झालीहि. मिशेल आदांसों या फ्रेंच निसर्गशास्त्रज्ञानें सेनेगालच्या किनाऱ्यावर हा प्राणी पाहिला, आणि १७५७ मध्यें छापलेल्या आपल्या ग्रंथांत त्याला शंखांच्या पंक्तीला बसविलें. दुसऱ्याच वर्षीं, १७५८ मध्यें, लिनीयसाच्या सुप्रसिद्ध सृष्टिवर्गीकरणाची दहावी आवृत्ति निघाली. तींत मात्र असल्या कित्येक शंखनळ्या 'सर्पुला' या प्रजातींत, खऱ्या नळीकृमींच्या शेजारीं जाऊन पडल्या. १८०० मध्यें दोदें यानें 'व्हर्मेटस' ही निराळी प्रजाति स्थापिली, आणि १८१५ मध्यें राफिनेस्क यानें तिच्यावरून कुळाचें नांव पाडलें. तरीहि गोंधळ मिटला नाहीं. नळीच्या बाह्य आकारावर भरंवसा ठेवावा तर एकाच जातीचीं दोन पोरें खडकाच्या दोन बाजूंना दोन आकारांचीं वाढतात! अमेरिकेंतील मायरा कीन या विदुषीनें १९६१ मध्यें या कुळाची पुन्हां मांडणी केली, आणि २०११ मध्यें बीलर व पेटिट यांनीं सजीव आणि अश्मीभूत अशा सर्व कृमिशंखांच्या नांवांची मोठी सूचि प्रसिद्ध केली. फ्लॉरिडाजवळच्या समुद्रांतून २०२३ मध्यें लिंबासारख्या पिवळ्या रंगाची एक नवी जाति उजेडांत आली, यावरून हें काम अद्याप संपलेलें नाहीं, हें ध्यानांत येईल.

या साऱ्या शोधांतून निघालेली सर्वांत मौजेची गोष्ट अशी कीं, कृमिशंख हें एकच घराणें नव्हे. 'व्हर्मेटिडी' हें खडकाला चिकटणारें मुख्य कुळ. 'सिलिक्वारिडी' हें दुसरें. त्याच्या नळीला लांबच लांब चीर असते, आणि तें स्पंजाच्या अंगांत रुतून राहतें. तिसरी 'व्हर्मिक्युलारिया' ही प्रजाति. ती स्क्रूसारखा शंख असणाऱ्या 'टरिटेला'च्या कुळांतली. बालपणीं ती घराण्याच्या रीतीप्रमाणें नीट पीळ घालते, आणि पुढें सैल सुटते. दिसण्यांत तिघी सारख्या. परंतु आज पहिल्या कुळाला दुसऱ्या दोहोंपासून दूरच्या शाखेवर बसवितात. सारख्या राहणीनें सारखें रूप आलें, म्हणून रक्त एक झालें नाहीं.

ही हकीकत आम्ही वर्गांत रंगवून सांगत असूं. आदांसोंचा सेनेगाल, लिनीयसाची चूक, मालवणची म्हातारी, असा ओघ बांधून शेवटीं कपाटांतील तो शिंपला उचलून मुलांपुढें धरीत असूं. दरवर्षीं मुलें चकित होत, आणि दरवर्षीं आम्हांस बरें वाटे. रिकामी शंखनळी ओळखावयाची कशी, हेंहि आम्ही फळ्यावर लिहून देत असूं : शंखाच्या नळीला तीन थर असतात आणि आंतली बाजू चिनीमातीच्या कपासारखी तुळतुळीत असते, कृमीच्या नळीला दोन थर असून आंतली बाजू खडूसारखी निस्तेज असते, आणि शंखाच्या नळीच्या आरंभींच्या टोकाला बाळपणचा तो चिमुकला पीळ राहिलेला असतो.

सुमारें पंधरा वर्षांपूर्वीं महाविद्यालयाच्या अंतर्गत प्रात्यक्षिक परीक्षेंत 'ओळखा' या सदराखालीं आम्हीं तो शिंपला ठेविला. चिठ्ठी अर्थातच काढून घेतली होती. घाटाखालच्या एका शेतकऱ्याच्या मुलानें उत्तर लिहिलें, 'वलयी प्राण्याची नळी.' आम्हीं तांबड्या शाईनें फुली मारली. दोन गुणांपैकीं शून्य. एवढ्यावर थांबतों तरी ठीक होतें. परंतु दुसऱ्या दिवशीं आम्हीं तें उत्तर वर्गांत वाचून दाखविलें आणि म्हणालों, "मालवणची म्हातारी आमच्या वर्गांत येऊन बसलेली दिसते!" वर्ग हंसला. मुलगा कांहींच बोलला नाहीं.

गेल्या वर्षीं पावसाळ्याच्या आरंभीं तोच पाठ चालू होता. जळगांव-जामोदकडची एक मुलगी तो शिंपला घेऊन खिडकीपाशीं गेली व भिंगांतून बराच वेळ पाहत राहिली. मग तिनें विचारलें, "सर, बाळपणचा पीळ यांतल्या कोणत्या टोकाला आहे?" आम्हीं म्हटलें, "असेल कोठें तरी झाकला गेलेला." ती म्हणाली, "आणि आंतली चकाकी? तुम्ही नळी फोडून पाहिली होती का?"

प्रश्नांत उद्धटपणाचा लवलेशहि नव्हता. आमच्याच फळ्यावरच्या तीन ओळी तिनें आमच्याच नमुन्याला लावून पाहिल्या होत्या. आणि आम्हीं ती नळी कधींहि फोडून पाहिली नव्हती! एवढा सुबक नमुना फोडावयाचा कसा, हें कारण आम्ही स्वतःस देत आलों होतों. खरें कारण असें कीं, फोडून पाहण्याची गरज आम्हांस भासलीच नव्हती.

त्या दिवशीं संध्याकाळीं प्रयोगशाळा रिकामी झाल्यावर आम्हीं त्या मुलीला व शिपायाला थांबवून घेतलें आणि लहान हातोडीनें एक नळी फोडली. आंतली बाजू खडूसारखी निस्तेज. फुटलेली कड घासून सूक्ष्मदर्शकाखालीं धरली, थर दोनच. दुसरी नळी तिच्या बारीक टोकापर्यंत जपून सोडविली. तेथें पीळ नव्हता, नुसती अरुंद होत गेलेली नळी होती. तिसरीहि तशीच. तें किड्याचें घर होतें. लिनीयसानें कृमीच्या खणांत चुकून गोगलगाय टाकली होती. आम्हीं गोगलगाईच्या खणांत चुकून कृमि टाकला, आणि वर लिनीयसाला हंसलों! मुलगी खालच्या आवाजांत म्हणाली, "सर, दुसरा नमुना मिळेल." तिला आमची कींव आली असावी.

घरीं परत येतांना आम्ही विचार करीत होतों कीं, ही चूक झाली कशी? अज्ञानानें झाली म्हणावें तर कृमिशंखाविषयीं त्या किनाऱ्यावर त्या दिवशीं आमच्याइतकें कोणालाच ठाऊक नव्हतें. चूक ज्ञानानेंच झाली. नुकताच एक अपवाद आमच्या वाचनांत आला होता, आणि अपवाद ठाऊक असणें हें विद्वत्तेचें लक्षण आहे असें आम्हांस वाटत होतें. नियम म्हातारीलाहि ठाऊक होता. अपवाद केवळ आम्हांलाच. मग हातीं आलेली पहिलीच नळी अपवाद निघाली नाहीं तर त्या ज्ञानाचा उपयोग काय? एखाद्या नवशिक्या वैद्याला प्रत्येक खोकल्यांत दुर्मिळ रोग दिसावा, तसें आमचें झालें. वस्तूपेक्षां तिच्याविषयींची गोष्ट आम्हांस अधिक प्रिय झाली, आणि ती गोष्ट इतकी खरी होती कीं, समोरची वस्तु त्या गोष्टींतली आहे कीं नाहीं, हें पाहण्याचें भान राहिलें नाहीं.

याच्या उलट जातीची चूकहि असते, आणि तिचें उदाहरण आमच्याच जिल्ह्यांत आहे. लोणारचें विवर सुमारें १.८ किलोमीटर रुंद आहे. भोंवतालीं सारा ज्वालामुखीचा काळा खडक. तेव्हां हा खळगाहि ज्वालामुखीचाच, असें शहाण्यांनीं दीर्घकाळ मानलें. ग्रोव्ह कार्ल गिल्बर्ट या थोर अमेरिकन भूशास्त्रज्ञानें ॲरिझोनांतील विवराचा उलगडा करतांना १८९६ मध्यें लोणारचाहि दाखला घेतला होता. ॲरिझोनाचें विवर उल्केच्या आघाताचें असेल, ही शंका त्याला आलेली होती. त्यानें मोजमाप केलें, चुंबकानें परीक्षा केली, आणि पुरावा न मिळाल्यामुळें पृथ्वीच्या पोटांतील वाफेचा स्फोट हेंच कारण स्वीकारलें. पुढें दोन्ही विवरें उल्केचींच ठरलीं. लोणार येथें तळाखालीं भोकें पाडून खडक वर काढले, आणि प्रचंड आघातानें बनणारी मॅस्केलिनाइट नांवाची कांच त्यांत सांपडल्याचें १९७३ मध्यें प्रसिद्ध झालें. गिल्बर्टानें अपवादाला नियमांत बसविलें, आम्हीं नियमाला अपवाद केलें. निवाडा दोन्हीकडे पोटांत शिरल्यावरच झाला. परंतु या दोन चुकांची तुलना करणें गिल्बर्टावर अन्याय करणें होय. तो परीक्षा करून चुकला. आम्ही परीक्षा घेऊन चुकलों.

त्या शेवटच्या वाक्याशीं येऊन आमचा विचार थबकला, कारण तो तांबड्या फुलीचा मुलगा डोळ्यांपुढें उभा राहिला. दोन गुण म्हणजे काय मोठेंसें, असें मनाला सांगून पाहिलें, तें ऐकेना. जुन्या विद्यार्थ्यांकडून चौकशी केली तेव्हां तो याच जिल्ह्यांत जिल्हा परिषदेच्या एका शाळेवर शिक्षक असल्याचें कळलें. आम्हीं त्याला पत्र लिहिलें. तुझें उत्तर बरोबर होतें, आमची चिठ्ठी चूक होती, आणि वर्गांत तुला हंसलों ही त्याहून मोठी चूक होती, एवढेंच त्यांत होतें. चार ओळींचें पत्र. पण तें लिहावयास दोन दिवस लागले.

आठवड्याभरानें उत्तर आलें. अक्षर पूर्वींसारखेंच टपोरें होतें. 'आदरणीय सर, साष्टांग नमस्कार. तुमचें पत्र वाचून संकोच वाटला. गुणांचें मला काहीं वाटलें नव्हतें. नळीची आंतली बाजू एका फुटक्या टोकाशीं दिसत होती, ती चमकत नव्हती, म्हणून मीं तसें लिहिलें होतें. पण खरें सांगतों, रागावूं नका. त्या दिवसापासून उत्तर लिहितांना मी वस्तु पाहायचें सोडून सरांना काय पाहिजे तें पाहूं लागलों. पुढें गुण चांगले मिळाले. आतां माझ्या वर्गांतलीं मुलें तसेंच माझ्या तोंडाकडे पाहतात, तेव्हां मला तो शिंपला आठवतो.'

हें पत्र आम्हीं सौभाग्यवतींना वाचून दाखविलें. त्या कांहीं बोलल्या नाहींत. थोड्या वेळानें चहाचा कप आमच्यापुढें ठेवून गेल्या. दोन गुण परत देतां आले असते, तर किती सोपें झालें असतें! परंतु आम्हीं त्याच्यापासून घेतलें तें दोन गुणांच्या मापाचें नव्हतें. त्यानें शिंपला पाहिला होता. फुटकें टोक त्याच्या दृष्टीस पडलें होतें. तें आम्हांस अकरा वर्षें जवळ बाळगूनहि दिसलें नव्हतें. पाहणारा एक मुलगा आमच्या वर्गांत आला, आणि आम्हीं त्याला पाहूं नये असें शिकविलें.

कपाटांतील ती चिठ्ठी आम्हीं फाडलेली नाहीं. ती तेथेंच आहे. तिच्यावर एक रेघ मारून खालीं खरें नांव लिहिलें आहे, आणि शेजारीं फोडलेल्या नळीचे तुकडे ठेविले आहेत. प्रात्यक्षिक परीक्षेंत आतां नुसतें 'ओळखा' असें आम्ही विचारीत नाहीं, 'कशावरून?' हाहि प्रश्न असतो, आणि कारण नीट असेल तर नांव चुकलें तरी गुण देतों. मागील परीक्षेंत एका मुलानें लिहिलें, 'सांगतां येत नाहीं, कारण नळी आंतून पाहूं दिली नाहीं.' त्याला आम्हीं पूर्ण गुण दिले.

त्या शिक्षकाच्या पत्राच्या शेवटीं एक ओळ होती, ती सांगावयाची राहिली. 'शाळेंतल्या मुलांनीं समुद्र पाहिलेला नाहीं. जमल्यास त्या नळीचा एक तुकडा पाठवा. फक्त चिठ्ठी लावूं नका.' आम्हीं त्याप्रमाणें एका लहान डबींत कापूस घालून दोन तुकडे आणि एक जुनें भिंग पाठविलें आहे. चिठ्ठी लावलेली नाहीं.